ऊन दाखवायचं नाही

वैशाख संपत आला की कोकणात घरातलं सगळं खळ्यात येतं. गाद्या, गोधड्या, कुळीथ, सोलं, ट्रंकेतले शालू, देवघरातल्या पोथ्या. मिरग लागायच्या आत प्रत्येक वस्तूला एकदा ऊन दाखवायचं, मग चार महिने पावसाला काय करायचं ते करू दे. पिढ्यान्‌पिढ्यांचं हे शहाणपण शंभरातल्या नव्व्याण्णव वस्तूंना लागू पडतं. हे प्रकरण उरलेल्या एकीचं.

आधीच सांगून टाकते, खाली येणारी कोठी खरी नाही. घर, काका, पुतण्या, सगळे मी बेतलेले. जुने कागद आणि वस्तू जपणाऱ्यांच्या कार्यशाळेत चर्चेला ठेवण्यासाठी हे प्रकरण लिहिलं, त्यामुळे देवगड तालुक्यात गाव शोधत फिरू नका. कोठीतल्या वस्तू कशा वागतात, त्यात मात्र काही बनवाबनवी नाही. विजयदुर्गही आपल्या जागी आहे.

घर, कोठी आणि मुदत

विजयदुर्गच्या खाडीपासून चालत अर्ध्या तासावर, सड्याच्या कुशीत एक चिऱ्याचं घर. मागच्या पडवीत फणसाच्या फळ्यांचं झाकण, खाली जांभ्यात कोरलेल्या चौदा पायऱ्या आणि एकापुढे एक असे चार खण. गावात हिला ‘काळाची कोठी’ म्हणतात. मुंबईत नोकरी केलेल्या आजोबांनी आयुष्यभर जे जमवलं, त्यातलं घरात ठेवण्यासारखं नाही आणि टाकून देण्यासारखंही नाही, असं सगळं इथे उतरवलं. तंबूतल्या सिनेमाची रिळं, घड्याळं, पोथ्यांचे रुमाल, किल्ल्याखालच्या किनाऱ्यावर सापडलेले तोफगोळे. यातलं काय जपून हाताळायचं हे आजोबांना ठाऊक होतं. म्हणून तर त्यांनी कोठी खोदली, आणि म्हणूनच मोडीत एक यादही, म्हणजे वस्तूंची यादी, लिहून ठेवली.

ते गेल्यावर कोठीत देवचार आहे अशी बोलवा झाली. गाऱ्हाणं घातल्याशिवाय झाकण उचलायचं नाही, पोरांनी पडवीत खेळायचं नाही. कार्यशाळेत या ठिकाणी कुणीतरी हसतंच. मी हसत नाही. सत्तर वर्षं एकाही पोराने खाली जाऊन बरणी फोडली नाही. इतकं स्वस्त आणि टिकाऊ कुलूप मला तरी बाजारात दिसलेलं नाही.

आता मुदतीचं. जांभ्याला ‘लॅटेराइट’ हे नाव फ्रान्सिस बुकाननने १८०७ साली दिलं, लॅटिनमधल्या विटेच्या शब्दावरून. खाणीतून काढताना मऊ, हवा लागली की कडक, म्हणून त्याचे चिरे पडतात. पण दगड म्हटला तरी तो स्पंजासारखा. वर्षाकाठी तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पडणारा पाऊस त्याच्या छिद्रांतून खाली झिरपतो, तळाच्या चिकणमातीवर अडतो आणि आडवा वाट शोधतो. कोठीच्या वरच्या अंगाला दोन वर्षांपूर्वी चिरेखाण सुरू झाली आणि पाण्याची वाट बदलली. गेल्या श्रावणात चौथ्या खणात घोटाभर पाणी होतं. यंदा खाण आणखी सरकली आहे. म्हणजे सात जूनच्या आत, मृग निघायच्या आत, कोठी मोकळी व्हायला हवी.

घरात राहतात ते काका, वय पंच्याहत्तर. मुंबईहून मे महिन्यात आलेला पुतण्या. शेजारची वहिनी. आणि जतनाचं काम करणारी एक बाई, जिला पुतण्याने बोलावलं आहे. तिला मी नाव दिलेलं नाही. कार्यशाळेत सगळे ‘ताई’ म्हणतात, काका ‘बाय’ म्हणतात.

याद

प्रकरणाची गोम इथे आहे, म्हणून इथे जरा थांबते.

पुतण्याने यादीचे फोटो काढले, मोडी वाचणाऱ्या एकाकडून देवनागरी करून घेतले आणि सगळं एक्सेलमध्ये भरलं. लिप्यंतर चोख होतं, एक अक्षर चुकलेलं नव्हतं. मग पुतण्याने शेजारी ‘प्रकार’ नावाचा रकाना केला आणि स्वतःच्या अकलेने भरला. त्यातल्या चार नोंदी अशा.

‘दारू, बरण्या ३.’ प्रकार: मद्य. पुढे कंसात हसरा चेहरा.

‘हरताळ, रुमाल ४ व डबी १.’ प्रकार: स्वातंत्र्यलढा, संपाची कागदपत्रं.

‘रेडियम, नग ११.’ प्रकार: स्टिकर, पत्रं. पुढे प्रश्नचिन्ह.

‘पट, डबे ६.’ प्रकार: खेळ. सारीपाट वगैरे.

पुतण्याला नावं ठेवायच्या आधी विचार करा. आज मराठीत दारू म्हटल्यावर बाटलीच आठवते. बंदुकीची दारू उरली आहे ती ‘दारूगोळा’ आणि ‘शोभेची दारू’ या जोडशब्दांत, म्हणजे वर्तमानपत्रात आणि जत्रेत. हरताळ म्हणजे बंद, संप. ‘तत्त्वांना हरताळ फासला’ असं आपण रोज लिहितो, पण फासायचा असतो तो पदार्थ कोणता, हे किती जणांना माहीत असतं? आणि रेडियम! कुठल्याही एसटी स्टँडबाहेर ‘रेडियम आर्ट’ची पाटी असते. रिक्षाच्या मागे ‘आईचा आशीर्वाद’ कापून चिकटवतात ते रेडियम. त्या चकचकीत कागदात खऱ्या रेडियमचा, म्हणजे त्या किरणोत्सारी धातूचा, कणही नसतो. बोलपट, चित्रपट यांतला ‘पट’ एकटा पडला की सोंगट्यांकडे जातो, हे तर ओघानेच आलं.

आजोबांनी प्रत्येक धोक्यावर नाव लिहिलं होतं. नाव तसंच राहिलं, त्याच्या खालची वस्तू भाषेने हळूच बदलली.

न्यू मेक्सिकोमध्ये किरणोत्सारी कचऱ्याचं एक भूमिगत भांडार आहे. दहा हजार वर्षांनंतरच्या माणसाला ‘इथे खणू नका’ हे कसं सांगायचं, यावर तिथे १९९०च्या दशकात भाषातज्ज्ञ, चित्रकार, पुरातत्त्वज्ञ अशा सगळ्यांना बसवून विचार केला गेला. ते वाचताना मला थोडं हसू येतं. दहा हजार राहू द्या, आपल्याकडे ‘दारू’ने सत्तर वर्षांत दगा दिला. उलट कोकणातल्याच गधेगाळी पाहा. शिलाहारांच्या काळापासूनचे हे दगड. वर चंद्र-सूर्य, मध्ये दानाचा लेख, आणि खाली दान मोडणाऱ्यासाठी गाढवाची अत्यंत असभ्य शिवी, चित्रासकट कोरलेली. अक्षरओळख नसलेल्यालाही ती कळायची. आज काही ठिकाणी त्याच दगडाला शेंदूर लावून नारळ फोडतात. म्हणजे चित्राचा अर्थही घसरतोच, पण निदान दगडाला कुणी हात लावत नाही.

खळ्यातला डबा

ताई मेच्या शेवटच्या आठवड्यात दुपारी पोचते. खळ्यात एका चटईवर सोलं, दुसरीवर गोधड्या आणि दोहोंच्या मध्ये एक चपटा, गंजका, झाकण काढलेला पत्र्याचा डबा. आत काळपट तपकिरी गुंडाळी, कडेला मधासारखं काहीतरी चिकट. जवळ गेल्यावर घामट मोज्यांसारखा वास. वहिनी म्हणते, तो वास दोन वर्षांपासून पडवीत येतो, उंदीर मेला असेल असं वाटलं.

“दर वर्साक मी तेंका ऊन दाखवतंय,” काका म्हणतात. “आजून काय झाला नाय.”

हे वाक्य मी प्रकरणात जाणून घातलं आहे. अपघातांच्या चौकशीत हे हमखास ऐकू येतं आणि ते बहुतेक वेळा खरंच असतं.

डब्यात होती ती सेल्युलोज नायट्रेटवरची ३५ मिलिमीटर फिल्म. सिनेमाच्या पहिल्या अर्धशतकात बहुतेक चित्रपट याच पट्टीवर निघाले. कोडॅकने ती बनवणं १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला थांबवलं. रसायनाच्या दृष्टीने ही पट्टी बंदुकीत वापरायच्या गनकॉटनची सख्खी बहीण. ती जुनी होते तशी स्वतःच आम्लवायू सोडते आणि तोच वायू तिला आणखी कुजवतो. म्हणून बंद डब्यात ती जास्त वेगाने सडते. आधी चित्र फिकं पडतं, मग वेटोळी एकमेकांना चिकटतात, मग फेस आणि मध, मग एकच ढेकूळ आणि शेवटी तपकिरी भुकटी. चांगल्या अवस्थेतली फिल्म पेटवल्याशिवाय पेटत नाही. सडलेली मात्र ४१ अंशांच्या आसपास बराच वेळ राहिली तर आपली आपण पेटू शकते. मेच्या उन्हात पत्र्याचा डबा हात लावू देत नाही. तिथे ४१ म्हणजे काहीच नाही.

ताईने डब्याला हात लावला नाही. तो उचलून सावलीत न्यावा असं कार्यशाळेत निम्मे लोक सुचवतात. तापलेला, सडलेला नायट्रेट हातात घेऊन चालायचं? तिने सगळ्यांना वाऱ्याच्या वरच्या बाजूला, समुद्राकडच्या अंगाला नेलं आणि जवळच्या अग्निशमन केंद्राला फोन लावायला पुतण्याला पिटाळलं. रेंजसाठी त्याला सड्यावर जावं लागलं.

अडीचच्या सुमारास डबा पेटला. स्फोट वगैरे नाही. एक फुसकारा, मग पुरुषभर उंचीची पांढरीशुभ्र ज्वाळा आणि पिवळट तांबूस धूर. वहिनी सवयीने धावली आणि कळशीभर पाणी ओतलं. ज्वाळेला पाण्याची पर्वा नव्हती. ही फिल्म जळताना लागणारा प्राणवायू स्वतःतूनच काढते, पाण्याखालीही जळत राहते. ताईने वहिनीला दंडाला धरून मागे ओढलं, कारण खरी भीती त्या धुराची होती. त्यातले नायट्रोजनचे ऑक्साइड श्वासातून गेले तर माणूस तासन्‌तास ठणठणीत वाटतो आणि मग फुप्फुसात पाणी भरतं. म्हणून वहिनीला तेवढ्यावरून रात्रभर तालुक्याच्या दवाखान्यात ठेवलं. काही झालं नाही, पण हे ‘ठेवलं’ महत्त्वाचं.

चार-पाच मिनिटांत खेळ संपला. एक गोधडी, अर्धी सोलं, चटई गेली. बंब आला तेव्हा विझवायला काही नव्हतं. पुण्यात जानेवारी २००३मध्ये अशाच फिल्मच्या साठ्याला आग लागून आपल्या जुन्या चित्रपटांचा केवढा तरी ठेवा राख झाला. इथे निदान एकच डबा होता आणि तो उघड्यावर होता. कोठीत पेटला असता तर उरलेले पाच, आणि त्यांच्या भिंतीपलीकडे ‘मद्य’.

काका संध्याकाळपर्यंत ओट्यावरून उठले नाहीत. सोलं कुणी गोळा केली नाहीत.

कंदील

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रश्न आला खाली उतरण्याचा. बंद जागेत हवा कशी आहे हे पाहायची गावाकडची रीत सगळ्यांना ठाऊक आहे. विहीर उपसायला उतरण्याआधी दोरीने पेटता कंदील सोडायचा.

“कंदील सोडून बघूया, बाय. इजलो तर उतराचा नाय.”

रीत चुकीची नाही. प्राणवायू सोळा-सतरा टक्क्यांवर आला की ज्योत जाते आणि माणूस त्याआधी सावध होतो. विहिरीसाठी काकांचं बरोबर आहे. पण इथे खाली नायट्रेटचे पाच डबे आणि बहुधा काळी दारू. हवा तपासायचं साधन आणि काडी ओढण्याचं निमित्त एकच झालं. शिवाय ज्योत फक्त प्राणवायूचं सांगते. आम्लवायू किती, किरणोत्सारी रेडॉन वायू किती, यावर ती गप्प.

ताईने काय केलं ते अगदी रटाळ आहे. झाकण काढून दीड दिवस तसंच ठेवलं. पंखा बाहेर खळ्यात, त्याला प्लास्टिकच्या कापडाचा नळा जोडून हवा चौथ्या खणापर्यंत सोडली, म्हणजे मोटारची ठिणगी आत नाही. अग्निशमन दलाकडून हवा मोजायचं यंत्र आलं तेव्हाच माणूस खाली गेला, तोही बॅटरीच्या एलईडी दिव्यावर, वर एक जण दोरी धरून. मोबाइल वर. या दीड दिवसाची कार्यशाळेत फार चिडचिड होते. मुदत आठ दिवसांची, त्यातला दीड नुसता वाट बघण्यात. व्हायलाच हवी चिडचिड.

काकांनी झाकण काढण्याआधी गाऱ्हाणं घातलं. ताई हात जोडून उभी राहिली आणि “व्हय म्हाराजा” म्हणाली. पुतण्या ते रेकॉर्ड करत होता.

खाली

पहिल्या खणात अकरा गजराची घड्याळं, वर्तमानपत्रात गुंडाळलेली. एकाच्या मागे आजोबांच्या अक्षरात चिठ्ठी: ‘मुंबई टाइम’. ही चिठ्ठी मला स्वतःला फार आवडते. १ जानेवारी १९०६पासून हिंदुस्थानची प्रमाणवेळ आली तरी मुंबईने आपली वेळ सोडली नाही. ती ३९ मिनिटं मागे होती आणि शहरात स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं रेंगाळली. चाकरमानी गावी येताना तीच वेळ मनगटावर घेऊन येत असणार. ३९ मिनिटांचा असा एक काळ, जो आता कुठल्याच घड्याळात नाही. असो.

पुतण्याने एकावर दिवा मारला, मालवला, अंधारात पाहिलं. “चमकत नाही. गेलं सगळं.”

इथे अडखळणं साहजिक आहे. जुन्या घड्याळाच्या आकड्यांवरच्या रंगात दोन गोष्टी असत. रेडियम, आणि त्याच्या माऱ्याने उजळणारं झिंक सल्फाइड. काही दशकांत झिंक सल्फाइड थकतं आणि प्रकाश जातो. रेडियमला त्याचं काही नाही. त्याचं अर्धायुष्य, म्हणजे निम्मं उरायला लागणारा काळ, १६०० वर्षं. १९४०च्या सुमारास विकत घेतलेल्या घड्याळातलं रेडियम आजवर जेमतेम साडेतीन टक्के कमी झालंय. दिवा विझला, चूल तशीच.

काच शाबूत असेल आणि घड्याळ हातभर लांब असेल तर एका घड्याळाने घाबरून जावं असं काही नाही. वाईट तेव्हा, जेव्हा कुणी ते उघडून तबकडी खरवडतो आणि ती धूळ नाकातोंडात जाते. अमेरिकेत शंभर वर्षांपूर्वी तबकड्या रंगवणाऱ्या मुली कुंचल्याला ओठांनी टोक काढत. त्यांच्या जबड्याची हाडं सडली. कोठीत दुसरा मुद्दा रेडॉनचा. रेडियम सतत हा वायू सोडतं. त्याचं अर्धायुष्य ३.८ दिवस, त्यामुळे बंद खोलीत तो महिन्याभरात जेवढा साठायचा तेवढा साठतो. दीड दिवस वारा घातला की जातो आणि झाकण लावलं की परत भरू लागतो. रटाळ दीड दिवसाचं हेही एक कारण.

घड्याळं एकेक करून प्लास्टिकच्या पिशव्यांत, मग एका डब्यात, डबा घरापासून दूर कुलूपबंद खोपीत. अणुऊर्जा नियामक मंडळाला पत्र. भंगारवाल्याला हरगिज नाही. दिल्लीच्या मायापुरीत २०१० साली किरणोत्सारी कोबाल्ट-६० असलेलं जुनं यंत्र भंगारात गेलं आणि एक माणूस मेला. तो फार मोठा स्रोत होता, घड्याळाशी त्याची तुलना होत नाही. पण भंगाराची वाट तीच.

दुसऱ्या खणात रुमाल. लाल कापडात बांधलेल्या पोथ्या आणि पितळी डबीत पिवळेजर्द, अभ्रकासारखे पापुद्रे सुटणारे खडे. हाच तो हरताळ, आर्सेनिकचं सल्फाइड. लेखकाचं अक्षर चुकलं की त्यावर हरताळ फासायचा आणि सुकल्यावर वर नवीन अक्षर लिहायचं. कसर लागू नये म्हणून अख्खी पानंही माखत. आपला वाक्प्रचार इथून आला. पुतण्याने पोथी उघडली आणि सवयीने बोट जिभेला लावलं. ताईने त्याचं मनगट पकडलं. मी हा क्षण प्रकरणात लिहिला आणि नंतर स्वतःचं बोट कितीदा जिभेकडे जातं ते मोजायला लागले. मोजणं सोडून दिलं.

पोथ्यांनाही काका ऊन दाखवायचे. नशीब, दरवर्षी वरचीच पोथी बाहेर यायची. हरताळ प्रकाशात टिकत नाही. त्याचं हळूहळू पांढरं आर्सेनिक ऑक्साइड होतं, आणि ते पाण्यात विरघळतं, पोटात जातं. वरच्या पोथीच्या पिवळ्या डागांवर पिठासारखी पांढुरकी झाक होती. ओलसर खोकं हे पोथीला वाईट, पण ऊन हे पोथी उघडणाऱ्याला वाईट. हातमोजे, मुखपट्टी, प्रत्येक रुमालावर वेगळं वेष्टन, आणि वाचायची तर आता छायाचित्रावरून.

तिसऱ्या खणातले पाच डबे. कोठीचं तापमान बाराही महिने सत्तावीसच्या आसपास, म्हणजे मे महिन्यात गावातली सगळ्यात थंड जागा हीच. आजोबांनी नेमकी ओळखली होती. तीन डब्यांची झाकणं गंजून बसली होती आणि वास येत होता. ती उघडायचा प्रयत्नच केला नाही. अग्निशमनच्या माणसांनी ते डबे पाण्याने भरलेल्या पिंपात बुडवले आणि पहाटे नेले. पेटल्यावर पाण्याने विझत नाही, पण न पेटलेलं सडकं रीळ पाण्याखाली ठेवलं तर ते पेटण्याच्या वाटेला जात नाही. यावर दरवेळी कुणीतरी भुवया उंचावतं आणि तोंडपाठ उत्तर मला द्यावं लागतं. उरलेले दोन डबे बरे होते, पट्टी नुसती पिवळसर. त्यांना प्लास्टिकमध्ये गुंडाळून जेटीवरच्या माशांच्या थर्माकोलच्या पेट्यांत, बर्फावर ठेवलं. आत काय चित्रण आहे ते कोणालाच ठाऊक नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी बोलणं झाल्यावरच त्या पेट्या हलल्या. पापलेटाच्या पेटीतून बोलपट, एवढी चैन मी प्रकरणात स्वतःला करू दिली.

चौथा खण सगळ्यात सोपा, कारण तिथे ताईने काहीच केलं नाही. पायरीवरून दिवा मारला, चिनी मातीच्या तीन बरण्या पाहिल्या, भिंतीशी पाच तोफगोळे पाहिले आणि परत फिरली. काळ्या दारूत सोरा, कोळसा, गंधक. गेल्या श्रावणातलं पाणी बरण्यांत शिरलं असेल तर सोरा विरघळून ती मेली असेल. पण भिजलेली दारू वाळली की पुन्हा जिवंत होऊ शकते. वाळवायची कशी, हे कोकणात कुणाला शिकवावं लागत नाही.

गोळ्यांचं निराळं. भरीव गोळा म्हणजे नुसतं लोखंड. पोकळ गोळा म्हणजे बाँब. फेब्रुवारी १७५६मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह यांनी विजयदुर्गावर हल्ला केला तेव्हा इंग्रजी आरमाराने असे पोकळ गोळे डागले. त्यातला एक तुळाजी आंग्र्यांच्या एका जहाजावर पडला, आग लागली आणि जवळजवळ सगळा ताफा जळून गेला. जे फुटले नाहीत ते समुद्रात, वाळूत पडले. त्यांतला एखादा या कोठीत नसेलच असं कोण सांगणार? कार्यशाळेतले हुशार लोक इथे कागद काढतात. बारा सेंटीमीटर व्यासाचा भरीव ओतीव गोळा साडेसहा किलोच्या आसपास भरायला हवा, कमी भरला तर पोकळ. गणित बरोबर आहे. पण वजन करायला तो उचलायला लागतो. अमेरिकेत व्हर्जिनियामध्ये २००८ साली यादवी युद्धातला गोळा साफ करताना एक संग्राहक ठार झाला. गोळा दीडशे वर्षांच्या आसपासचा होता.

“पाच कशे?” काकांनी वरून विचारलं. “यादीत सा आसत.”

सहावा कुठे आहे?

“तो दाराक लायतंय मी. वाऱ्यान दार आपटता म्हणान.”

सगळे मागच्या दाराकडे पाहायला लागले. चौदा वर्षं त्याच्यावर पाय ठेवून काका चप्पल घालत होते. पोलीस ठाण्याला फोन गेला. बॉम्बशोधक पथक येईपर्यंत घरातल्या सगळ्यांनी शेजारच्या वाडीत मुक्काम केला. कोठी आणि मागचं दार यांच्याकडे कुणी फिरकलं नाही. एक शेळी सोडून.

नंतर

बरण्या आणि सहाही गोळे पथकाने नेले. सहापैकी किती पोकळ निघाले हे मी प्रकरणात लिहिलेलं नाही, आणि दरवेळी मला ते विचारलं जातं. लिहिलं तर सगळे त्या आकड्यावरून ताईला शाबासकी देतील किंवा तिला घाबरट ठरवतील. तिने निर्णय घेतला तेव्हा तिला आकडा माहीत नव्हता.

पोथ्यांची नोंदणी राहिली आहे. १९७२च्या पुरावस्तू कायद्यात हस्तलिखिताला पंच्याहत्तर वर्षांची अट आहे, इतर वस्तूंना शंभर. त्यामुळे कुठली पोथी कशात बसते ते कागदोपत्री व्हायचं आहे. कंटाळवाणं काम, पण ते पावसातही करता येतं. घड्याळांचा डबा खोपीत आहे. पत्राचं उत्तर यायचंय.

सहा जूनला ताई आणि काका नवी याद करायला बसले. या वेळी देवनागरीत, प्रत्येक नोंदीपुढे वस्तूचं साधं वर्णन, रंग, वास, काय करायचं नाही. गेलेल्या वस्तूंचीही नोंद, कुठे गेल्या त्यासकट. दारूपाशी काका थांबले.

“नुसता दारू लिवलंय तर पोरां उघडून बघतली.”

“मग बंदुकीची दारू लिहा.”

“मगे तर नक्कीच बघतली.”

बराच वेळ दोघं बसून होती. मग काकांनी चुलीतला कोळसा आणला आणि खोपीतल्या घड्याळांच्या डब्यावर, नावाच्या खाली, एक गाढव काढलं. त्याचं शेपूट आखूड झालं, म्हणून पुन्हा गिरवलं. बाहेर पहिले थेंब पत्र्यावर वाजायला लागले होते. वहिनी ओरडत आली, खळ्यात अजून कुळीथ पसरलेले होते.